‘ट्रॉयच्या स्त्रिया’ : वाचकांचे प्रश्न

प्राचीन ग्रीक नाटककार युरिपिडीसचं हे नाटक इसवी सनापूर्वी ४१५ च्या वसंतात अथेन्समध्ये, डायोनिससच्या उत्सवात झालं. दहा वर्षांचा वेढा संपलाय, ट्रॉय पडलंय, पुरुष मारले गेलेत. राणी हेक्युबा आणि उरलेल्या बायका ग्रीकांच्या तंबूंपुढे बसल्या आहेत आणि कोण कोणाच्या वाट्याला जाणार हे कळायची वाट बघताहेत. या नाटकाबद्दल आलेल्या प्रश्नांपैकी काही इथे घेतले आहेत.

प्रश्न : नाटक दोनदा वाचलं. कथानक पुढे सरकतच नाही. एकामागून एक बायका येतात आणि रडतात. याला नाटक का म्हणायचं? (सातारा)

तिसऱ्यांदा वाचाल तेव्हा हेक्युबाऐवजी टॅल्थिबियसवर लक्ष ठेवा. हा ग्रीकांचा निरोप्या. तो चार खेपा घालतो आणि नाटकाचा सांगाडा या चार खेपांवरच उभा आहे. पहिल्या खेपेला तो वाटणी सांगतो: हेक्युबाची भविष्य सांगणारी मुलगी कॅसांड्रा ग्रीकांच्या सेनापतीला म्हणजे अ‍ॅगमेम्नॉनला, हेक्युबाचा मारला गेलेला मुलगा हेक्टर याची बायको अँड्रोमाकी ग्रीक वीर अकिलीसच्या मुलाला म्हणजे निऑप्टोलेमसला, आणि स्वतः हेक्युबा ओडिसियसला, म्हणजे तिला ज्याचा सर्वांत तिटकारा त्यालाच. जाताना कॅसांड्राला घेऊन जातो. दुसऱ्या खेपेला तो हेक्टरच्या लहानग्या अस्टायनॅक्सला नेतो, तटावरून खाली टाकण्यासाठी. तिसऱ्या खेपेला त्याच मुलाचं प्रेत आणून देतो. चौथ्या खेपेला शहर पेटवायचा हुकूम घेऊन येतो.

आता या खेपा कुठे पडतात ते बघा. अँड्रोमाकी म्हणते, अकिलीसच्या थडग्यावर बळी गेलेली हेक्युबाची मुलगी पॉलिक्सेना माझ्यापेक्षा सुखी, कारण तिला आता काही सोसायचं नाही. नव्या धन्याशी गोड वागले तर हेक्टरशी बेइमानी होते, न वागले तर धन्याचा राग ओढवतो. एका रात्रीत बाईचा तिरस्कार मावळतो म्हणतात, पण जुन्या नवऱ्याला विसरणाऱ्या बाईची मला घृणा वाटते. हेक्युबा तिला समजावते: हेक्टरचा विषय आता सोड, नव्या धन्याला राजी ठेव, म्हणजे हा पोर वाढेल आणि उद्या त्याची मुलंबाळं ट्रॉय पुन्हा वसवतील. साऱ्या नाटकात आशेचा हा एकच विचार बोलला जातो. तो बोलून होतो न होतो तोच टॅल्थिबियस त्या पोरासाठी येतो. काही घडत नाही असं म्हणताना हा क्षण वाचायचा राहून गेला असणार.

दुसरं म्हणजे माहितीचा खेळ. पॉलिक्सेनाचं काय झालं, असं हेक्युबा विचारते तेव्हा निरोप्या म्हणतो की तिला अकिलीसच्या थडग्याच्या सेवेला नेमलंय. तो खोटं बोलत नाही, पण खरं सांगायला त्याची जीभ वळत नाही. हेक्युबाला अर्थ लागत नाही. तो पुढे अँड्रोमाकीकडून कळतो. मग त्या आडवळणाच्या उत्तराचा अर्थ तिच्या डोक्यात उलगडतो आणि ती तसं बोलूनही दाखवते.

रडण्याबद्दल बोलायचं तर या बायका रडताना हिशेब मांडतात, आणि वाचकांनी त्यांचं रडणं त्याच कानाने ऐकावं असा आमचा आग्रह आहे. कॅसांड्रा पेटत्या मशाली घेऊन स्वतःच्या लग्नाचं गाणं गात येते आणि लगेच वकिलासारखी मुद्दे मांडू लागते: ग्रीक एका बाईसाठी परक्या मातीत मेले, त्यांना बायकोच्या हातची अंत्यवस्त्रंही मिळाली नाहीत, ट्रॉयचे लोक आपल्या देशासाठी, आपल्या माणसांत मेले, तेव्हा हरलेलेच जास्त भाग्यवान. वेड लागलेली म्हणून तिला बाजूला सारायची सोय नाटककाराने ठेवलेली नाही, कारण अ‍ॅगमेम्नॉनच्या घरात पुढे काय होणार (तो आणि ती दोघंही मारली जाणार, हे तिचं भाकीत) ते प्रेक्षकांना आधीच माहीत आहे.

प्रश्न : मेलोस बेटावर अथेन्सने केलेल्या कत्तलीचा निषेध म्हणून हे नाटक लिहिलं, असं सगळीकडे वाचायला मिळतं. हे खरं आहे का? (पुणे)

तारखा लावून बघितल्या की हे विधान जरा सैल पडतं. अथेन्सने मेलोसला वेढा घातला तो इ.स.पू. ४१६ मध्ये, बेट शरण आलं त्यापुढच्या हिवाळ्यात. त्या काळचा इतिहासकार थ्युसिडिडीस सांगतो की हाती लागलेले प्रौढ पुरुष मारले, बायकामुलं गुलाम म्हणून विकली आणि नंतर ५०० अथेनियन तिथे वसवले. नाटकाचा उत्सव वसंतात. स्पर्धेसाठी कवीला अधिकाऱ्याकडून कोरस, म्हणजे गाणाऱ्या-नाचणाऱ्यांचा ताफा, मंजूर करून घ्यावा लागे आणि कोरसच्या तालमी पुष्कळ आधी सुरू होत. शिवाय हे नाटक एकटं नव्हतं. त्याआधी त्याच दिवशी ‘अलेक्झांड्रॉस’ आणि ‘पालामिडीस’ ही ट्रॉयच्याच कथेतली दोन नाटकं झाली, शेवटी ‘सिसिफस’ हे सॅटिर नाटक, म्हणजे शोकांतिकांनंतर व्हायचं हलकंफुलकं नाटक. एवढा पसारा हिवाळ्यातली बातमी ऐकून काही आठवड्यांत लिहून, बसवून झाला असेल हे पटत नाही.

पण मेलोस हे पहिलं उदाहरण नव्हतं. इ.स.पू. ४२१ मध्ये अथेन्सने स्किओनी या शहराचं हेच केलं होतं: पुरुष ठार, बायकामुलं गुलाम. नाटक बघायला बसलेल्यांत सभेत हात वर करणारे पुरुष होते आणि त्यांच्या घरांत गुलाम बायका काम करत होत्या. त्यांना एखाद्या बेटाची आठवण करून द्यायची गरज नव्हती. आपण कुठे नेले जाऊ, हे कोरस सुरुवातीला ताडून बघतो त्यात सिसिलीचंही नाव येतं; त्याच वर्षीच्या उन्हाळ्यात अथेन्सचं आरमार सिसिलीवर निघालं आणि इ.स.पू. ४१३ मध्ये तिथेच बुडालं. नाटक आरंभीच सांगतं की विजेत्यांची जहाजं परतीच्या वाटेवर फुटणार आहेत. एका घटनेचं निषेधपत्रक म्हणून ते वाचलं की हा सगळा आवाका हातातून निसटतो.

प्रश्न : स्पर्धेसाठी ५० मिनिटांत बसवायचं आहे. ११ मुली, ३ मुलगे. काय ठेवावं, काय कापावं, कोरसचं काय करावं? (कोल्हापूर)

मूळ नाटक १३३२ ओळींचं. मध्यंतराशिवाय पूर्ण केलं तर दीड ते पावणेदोन तास लागतात. तुमच्या वेळेत ५५० ते ६०० ओळी बसतील. आमची वाटणी अशी: पोसायडन आणि अथीनाचा आरंभीचा प्रवेश ३ मिनिटं, हेक्युबाचं उठणं आणि कोरसचं येणं ६, कॅसांड्रा ८, अँड्रोमाकी १०, हेलन ८, अस्टायनॅक्सचा अंत्यविधी ८, आग आणि प्रस्थान ४. ही ४७ होतात. उरलेली ३ मिनिटं राखून ठेवा, कारण विलापाचे प्रवेश तालमीपेक्षा प्रयोगात नेहमी लांबतात.

कात्री लावताना सगळ्यांचा हात आधी देवांच्या प्रवेशाकडे जातो. तो कापू नका. अथीना आजवर ग्रीकांच्या बाजूने होती; पण तिच्या देवळातून एजॅक्स या ग्रीक योद्ध्याने कॅसांड्राला फरफटत ओढून नेलं आणि ग्रीकांनी त्याला शब्दानेही दुखवलं नाही, म्हणून ती आता समुद्राचा देव पोसायडन याच्याकडे वादळ मागते. प्रेक्षकांना हे कळतं, बायकांना कधीच कळत नाही. पुढच्या प्रत्येक प्रवेशाची धार या अंतरात आहे. देव गेले की कॅसांड्राचं भाकीत नुसती बडबड ठरते. कापायचंच तर कोरसच्या गाण्यांतले गॅनिमीड आणि टिथोनसचे पौराणिक संदर्भ काढा. मराठी प्रेक्षकाला ते समजावण्यातच वेळ जाईल. मात्र लाकडी घोडा शहरात आला त्या रात्रीचं गाणं ठेवा: आधी मुलींचे नाच, मग आईच्या पदराला बिलगलेली पोरं, मग वेदीपाशी पडलेली प्रेतं.

पात्रवाटप. मुळात बोलणारे नट तीनच, तेही सगळे पुरुष, मुखवटे घालून. एक नट सबंध नाटकभर हेक्युबा. दुसऱ्याकडे अथीना, कॅसांड्रा, अँड्रोमाकी, हेलन. तिसऱ्याकडे पोसायडन, टॅल्थिबियस, हेलनचा नवरा मेनेलॉस, अशी वाटणी चपखल बसते. बालगंधर्वांची परंपरा सांगणाऱ्या रंगभूमीला पुरुषांनी स्त्रीदुःख गाणं परकं वाटायला नको. तुमच्याकडे मुली आहेत, तेव्हा चौघी मुख्य भूमिकांना आणि सात कोरसमध्ये. त्या सातांतली एक आरंभी अथीना करेल. मुलांपैकी एक टॅल्थिबियस, एक पोसायडन आणि नंतर मेनेलॉस, एक शिपाई. कॅसांड्रा आणि अँड्रोमाकी करणाऱ्या मुलींना निघून गेल्यावर कोरसमध्ये परत उभं करू नका. मोकळे हात दिसले की दिग्दर्शकाला मोह होतो, पण नेलेली बाई परत दिसली की नेण्याला अर्थ उरत नाही. रंगमंच रिकामा होत गेला पाहिजे.

मूळ कोरस १५ जणींचा. तो दोन तुकड्यांत तंबूंतून बाहेर येतो. तुम्हीही आधी तिघी, मग चौघी असं आणा. संवादाच्या ओळी कोरसच्या म्होरक्या बाईने एकटीने बोलायच्या, सगळ्यांनी मिळून फक्त गायचं. सातही जणी प्रत्येक वाक्य एका सुरात म्हणू लागल्या की शाळेतल्या प्रार्थनेसारखं ऐकू येतं आणि शब्द कळत नाहीत. चाल लावताना जात्यावरच्या ओवीपासून लांब राहा. ती कानावर पडताच आपला प्रेक्षक ट्रॉयमधून उठून आजोळी जातो. मुळात साथीला आऊलोस हे जोडनळ्यांचं वाद्य असे. ते पत्तीवर वाजायचं, म्हणजे बासरीपेक्षा सनईच्या जवळचं. सनई वापरायची तर एकाच ठिकाणी वापरा: कॅसांड्राच्या खोट्या लग्नगीताला. आपल्या कानाला सनई म्हणजे लग्नघर, त्यामुळे तिथे वेगळं काही करावं लागत नाही.

हेक्युबा. ही मुलगी पहिल्या क्षणापासून शेवटपर्यंत रंगमंचावर असते; देव बोलत असताना जमिनीवर निश्चल पडलेली. इथेच बहुतेक प्रयोग फसतात: ती पहिल्या विलापातच आवाजाची पट्टी शिखरावर नेते, मग नातवाच्या प्रेताला काही उरत नाही. पहिला विलाप अंगाने करू द्या, गळ्याने कमी. संहितेतच सोय आहे: ती म्हणते, जहाज कलतं तशी पाठ एकदा या अंगाला, एकदा त्या अंगाला वळवावीशी वाटते. कॅसांड्रा गेल्यावर ती पुन्हा कोसळते आणि उचलायला आलेल्यांना नको म्हणते. तिसऱ्यांदा जमिनीला टेकते ती शेवटी, पण तेव्हा स्वतः होऊन. तिन्ही वेळा कारण वेगळं, तेव्हा पडणंही वेगळं बसवा.

टॅल्थिबियसला खलनायक करू नका. मुलाला नेताना तो म्हणतोच की असले निरोप द्यायला माझ्याहून निर्दय, निलाजरा माणूस हवा होता. पुढे प्रेत आणतो तेव्हा वाटेत स्कामांड्रॉस नदीत ते धुऊन आणतो, बायकांचं तेवढं काम वाचावं म्हणून, आणि कबर खणायला स्वतः जातो. हुकूम मात्र एकही मोडत नाही. नटाने एवढंच करावं.

सामानात दोन गोष्टींवर पैसे खर्च करा. पहिली ढाल. अँड्रोमाकी गाडीतून येते तेव्हा ती सोबत असते, शेवटी तीच मुलाची शवपेटी होते. ग्रीक पायदळाची गोल ढाल ८० सेंटिमीटर ते १ मीटर व्यासाची असे. ९० सेंटिमीटर ठेवा. थर्माकोलची केली की उचलणाऱ्याच्या खांद्यांवरून प्रेक्षकाला कळतं. प्लायवुडची करा आणि आतली मूठ खरी बसवा, कारण हेक्युबा त्या मुठीवरच्या हेक्टरच्या हाताच्या खुणेविषयी आणि तो हनुवटी टेकायचा त्या कडेवरच्या घामाच्या डागाविषयी बोलते. दुसरी गोष्ट प्रेत. बाहुलीत कापूस भरू नका. वाळूच्या लहान पिशव्या हातापायांत विभागून ७ ते ८ किलो भरा, मान सैल ठेवा. हलकं प्रेत उचललं की सभागृहात कोणीतरी हसतं. कॅसांड्राच्या मशाली बॅटरीच्या घ्या. ती बाहेर येण्याआधी तंबूत उजेड दिसतो आणि बायका स्वतःला जाळून घेताहेत की काय, असं निरोप्याला वाटतं, त्यासाठी उजेड आतून दिसला म्हणजे झालं.

प्रश्न : हेलनच्या वादात नाटककार कोणाच्या बाजूने आहे? (नाशिक)

हेक्युबाचा मुलगा पॅरिस याच्याबरोबर ट्रॉयला आलेल्या हेलनला तिचा नवरा मेनेलॉस मारणार आहे, त्यावर हा वाद. हेलन आधी बोलते आणि दोष वाटत सुटते: पॅरिसला जन्म दिला हेक्युबाने, अपशकुनी मूल असूनही मारलं नाही म्हातार्‍याने, सौंदर्यस्पर्धा लावली देवींनी, मला पळवलं प्रेमाची देवी आफ्रोडाइटीने. हेक्युबा उत्तर देते की पॅरिसचं देखणेपण बघून तुझं मनच आफ्रोडाइटी झालं. त्या देवीच्या नावाची सुरुवात मूर्खपणा या अर्थाच्या ग्रीक शब्दासारखी होते ते उगीच नाही. युक्तिवादात हेक्युबा जिंकते, मेनेलॉसही तसं कबूल करतो. ती त्याला बजावते की हिला तुझ्या जहाजात घेऊ नकोस. तो विचारतो, का, तिचं वजन वाढलंय का? या एका वाक्यात निकाल लागला. अर्गोसला नेऊन मारतो असं तो म्हणतो, पण ‘ओडिसी’ ऐकलेल्या प्रत्येक प्रेक्षकाला ती पुढे स्पार्टात सुखाने नांदणार हे ठाऊक आहे. पटवून देऊनही काही बदलत नाही, हे हेक्युबाने त्याच दिवशी सोसलेलं आणखी एक नुकसान. म्हणून हा प्रवेश विनोदी करून उरकू नये. हेलन स्वच्छ, नीटनेटक्या वेषात आणि बाकीच्या फाटक्या कपड्यांत असाव्यात. हेक्युबा तिला यावरूनच टोचते.

प्रश्न : महाभारतातल्या स्त्रीपर्वाशी तुलना करता येईल का? (डोंबिवली)

येईल, आणि फरक जिथे आहे तिथे तुलना जास्त कामाची आहे. गांधारीला व्यासांच्या वराने दिव्यदृष्टी मिळते आणि ती कृष्णाला रणांगण दाखवत एकेक प्रेत ओळखत जाते: अभिमन्यूपाशी उत्तरा, भूरिश्रव्याचा तुटलेला हात मांडीवर घेतलेली त्याची बायको. युरिपिडीसकडे रणांगण नाही आणि प्रेत एकच आहे, लहान मुलाचं. स्त्रीपर्वात युधिष्ठिर सर्वांचे अग्निसंस्कार करवतो, नदीवर तिलांजली दिली जाते, कुंती कर्णाचं नाव सांगते. जिंकलेले आणि हरलेले एकाच कुळातले, त्यामुळे बायका वाटल्या जात नाहीत. ट्रॉयमध्ये बाई ही लुटीचा भाग आहे, आणि बहुतेक मेलेल्यांना पाणी द्यायलाही कोणी मागे राहणार नाही.

गांधारीला शाप द्यायला समोर कोणीतरी आहे. छत्तिसाव्या वर्षी तुझं कूळ असंच नष्ट होईल, असं ती कृष्णाच्या तोंडावर म्हणते आणि तो ते स्वीकारतो. हेक्युबा झ्यूसला हाक मारते तेव्हा तू निसर्गाचा अटळ नियम आहेस की माणसांची बुद्धी, हेच तिला ठरवता येत नाही. विजेत्यांचा नाश देवांनी आधीच ठरवलाय, पण ते तिला सांगायला कोणी नाही.

प्रश्न : युरिपिडीसचं ‘हेक्युबा’ हे याच नाटकाचं दुसरं नाव आहे का? (पणजी)

नाही, ते वेगळं आणि काही वर्षं आधीचं नाटक. त्यात पॉलिक्सेनाचा बळी प्रत्यक्ष कथानकात येतो आणि हेक्युबा मुलाच्या खुनाचा भयंकर सूड घेते. ते आधी वाचलंत तर या नाटकात सूडाची वाट बघत बसाल. म्हणून ‘ट्रॉयच्या स्त्रिया’ आधी वाचा.

प्रश्न : स्पर्धेत या नाटकाला पहिलं बक्षीस मिळालं होतं का? (सोलापूर)

दुसरं. पहिलं झेनोक्लीस नावाच्या कवीला मिळालं. त्याची नाटकं आज उरलेली नाहीत.

प्रश्न : शेवटची आग रंगमंचावर कशी दाखवावी? (छत्रपती संभाजीनगर)

दाखवूच नये, असं आमचं मत. मूळ प्रयोगातही भार शब्दांवर आहे: कोरसला शहराच्या उंचावर मशाली नाचवणारे हात दिसतात आणि त्या ते सांगतात. लाल प्रकाश आणि धुराचं यंत्र सुरू केलं की प्रेक्षक पडद्याकडे बघू लागतो, बायकांकडे बघत नाही. सातही जणींना प्रेक्षकांच्या डोक्यांवरून मागे, एकाच उंचीवर बघायला लावा. नजरेची उंची तालमीत भिंतीवर खूण करून पक्की करा, नाहीतर प्रत्येकीचं ट्रॉय वेगळ्या ठिकाणी जळतं.

हेक्युबा आगीकडे धावते. शिपाई तिला अडवतो, कारण ती आता ओडिसियसची मालमत्ता आहे आणि ती सुखरूप पोचवायची आहे. मग ती गुडघे टेकून दोन्ही हातांनी जमीन बडवते. ही मेलेल्यांना हाक मारायची ग्रीक रीत. कोरसही तसंच करून आपापल्या नवऱ्यांना हाका मारतो. इथे संगीत बंद ठेवा आणि तळव्यांचा आवाज लाकडी फळ्यांवर नीट ऐकू येईल एवढा वेळ द्या, निदान अर्धं मिनिट. त्यानंतर शहर कोसळल्याचा हादरा, मग जहाजांकडे निघायचं. कर्ण्याचा आवाज होताच चालू लागायचं हा हुकूम टॅल्थिबियसने आधीच दिलेला आहे, तेव्हा कर्णा एकदाच आणि लांबून वाजवा. हेक्युबाला कोणीही हात धरून उठवायचं नाही. आपल्या थरथरत्या पायांना ती स्वतःच पाऊल उचला म्हणून सांगते, आणि पडदा पडायचा तो ती चालत असतानाच.